श्रेयनामावलीत नसलेल्या पणजोबांचा शोध

ताई, तुम्ही विचारलंत ते थोडक्यात असं: तुमचे पणजोबा सोलापूरच्या पूर्व भागातल्या विणकर घरातले. 1930 च्या मार्शल लॉनंतर, म्हणजे इंग्रजांनी सोलापुरात लष्करी कायदा लावल्यानंतर, घर सोडून गेले, सिनेमा कंपनीत राहिले आणि 1946 च्या सुमारास परत येऊन मिलच्या खात्यात लागले. घरात त्यांचा एकच फोटो आहे, त्यात जटा, दाढी, गळ्यात रुद्राक्ष. मागे पेन्सिलीनं ‘कोल्हापूर 1931’ लिहिलेलं. ‘संत तुकाराम’मध्ये त्यांचं काम होतं असं आजी सांगायची. तुम्ही श्रेयनामावली पाहिलीत, नाव नाही. नात्यातल्या एकांनी ‘एक्स्ट्रा असतील, एक्स्ट्राची कसली कारकीर्द’ असं म्हटलं. ते तुम्हाला लागलं आणि खरं काय ते कळावं म्हणून तुम्ही लिहिलंत.

मी सोलापुरात 22 वर्षं टॉकीजमध्ये ऑपरेटर होतो. सकाळच्या खेळाला तेव्हा जुने मराठी चित्रपट लागत. एकच चित्रपट आठवड्यात कितीदा तरी केबिनच्या झरोक्यातून पाहिला की नायकावरची नजर आपोआप उठते आणि मागे उभ्या माणसांवर जाते. दरबारात तिसरा उभा आहे तो, दिंडीत वीणेकरी आहे तो, सावकाराचा कारकून आहे तो. ही माणसं पुढच्या आठवड्याच्या चित्रपटात वेगळ्या पागोट्यात पुन्हा दिसायची. तेव्हापासून मी त्यांची नावं जुळवतो आहे. त्यामुळे तुमचं पत्र मला परकं वाटलं नाही.

आधी उत्तर देतो, कारणं मागून. पणजोबा खोटं बोलले असतील असं मला वाटत नाही. मात्र घरात जे चित्रपटाचं नाव चालत आलं आहे ते बरोबर असेलच असं नाही. आणि त्यांची कारकीर्द भूमिका मोजून काढायला जाल तर हाती काही लागणार नाही. ती महिन्यांत मोजायची असते, म्हणजे कोणत्या कंपनीत, कोणत्या गावी, किती महिने पगारावर होते यात.

‘एक्स्ट्रा’ या शब्दात तीन वेगळी माणसं एकत्र कोंबली जातात. गर्दीच्या दृश्यासाठी दिवसाच्या रोजावर आणलेला माणूस एक. कंपनीत महिन्याच्या पगारावर असलेला, पडेल ते पात्र करणारा, दोन वाक्यं बोलणारा किंवा न बोलणारा माणूस दुसरा. आणि ज्याचं नाव चित्रपटासोबत छापल्या जाणाऱ्या पुस्तिकेत पात्रपरिचयात येतं, ज्याला प्रेक्षक ओळखतात, तो तिसरा. पोटासाठी सोलापूर सोडलेला विणकराचा मुलगा पंधरा वर्षं टिकला असेल, तर तो रोजावरचा असणं कठीण आहे. रोजावर परगावी कोणी इतकी वर्षं राहत नाही. माझा कौल दुसऱ्याकडे आहे. या दुसऱ्या माणसांचा इतिहास कोणी नीट लिहिलेला नाही, आणि सगळा बोलपटाचा आरंभकाळ त्यांच्या खांद्यावर उभा आहे.

पहिल्यापासून तसंच होतं. फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये, म्हणजे 1913 साली, तारामती झालेले अण्णा साळुंके मुंबईत ग्रँट रोडकडच्या खानावळीत स्वयंपाकी होते. 1917 च्या ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता दोन्ही त्यांनीच केले आणि पुढे ते कॅमेऱ्यामागे गेले. कोल्हापूरला बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत शांताराम वणकुद्रे, म्हणजे पुढचे व्ही. शांताराम, पडेल ती कामं करत शिकले आणि 1925 च्या ‘सावकारी पाश’मध्ये तरुण शेतकऱ्याच्या भूमिकेत उभे राहिले. कंपनी म्हणजे कारखाना होता. सकाळी पडदे रंगवायचे, दुपारी रीळ धुवायला मदत करायची, बोलावणं आलं की तोंडाला रंग लावायचा. तुमच्या पत्रात ओझरतं आलंय की पणजोबा कधी ‘मी नट होतो’ म्हणायचे, कधी ‘मी सुतारकाम करायचो’ म्हणायचे, आणि त्यावरून घरच्यांना शंका आली. ताई, मला त्यावरूनच खात्री वाटली. गावात बढाई मारायची असती तर सुतारकामाचं नाव त्यांनी कशाला काढलं असतं?

आता फोटो. मार्शल लॉ लागला मे 1930 मध्ये, त्यामुळे ‘मार्शल लॉनंतर गेले’ आणि ‘कोल्हापूर 1931’ हे एकमेकांशी जुळतं. आपल्या सोलापुरात जुनी माणसं साल सांगत नाहीत, मार्शल लॉच्या आधी की नंतर एवढंच सांगतात, आणि ते बहुधा बरोबर निघतं. त्या वेळी कोल्हापुरात महाराष्ट्र फिल्म कंपनी शेवटच्या दिवसांत होती आणि तिथूनच बाहेर पडलेल्या मंडळींनी 1 जून 1929 ला काढलेली प्रभात जोरात होती. प्रभातनं 1931 मध्ये ‘चंद्रसेना’ हा रामायणातल्या कथेवरचा मूकपट काढला आणि त्याच वर्षी ‘अयोध्येचा राजा’ची तयारी चालू होती, तो फेब्रुवारी 1932 मध्ये लागला. हरिश्चंद्राची गोष्ट म्हटलं की ऋषी आले, शिष्य आले. विश्वामित्र निंबाळकरांनी केला होता, म्हणजे पणजोबा विश्वामित्र नव्हते. मागे उभे असलेल्या जटाधाऱ्यांपैकी एक असू शकतात.

पण इथेच सावध राहा. जटा आणि दाढी माणसाच्या मालकीची नसते, कंपनीच्या पेटीतली असते. एकाच दाढीनं तीन चित्रपट निघायचे. शिवाय नवा माणूस घेताना त्याला वेशात उभा करून फोटो काढून पाहत. तेव्हा वेशावरून चित्रपट ठरवू नका, फक्त गाव आणि साल ठरवा. तुमच्या फोटोनं ते दोन्ही दिलंय, आणि एवढं हातात असणं हे मोठं भाग्य आहे. माझ्याकडे लोक येतात त्यांतल्या बहुतेकांकडे तेवढंही नसतं.

यापुढचा प्रश्न 1933 चा आहे, आणि सगळं त्यावर अडलंय. त्या वर्षी प्रभात कोल्हापूर सोडून पुण्याला गेली. कंपनीतली सगळी माणसं काही गेली नाहीत. कोल्हापुरात त्याच सुमारास कोल्हापूर सिनेटोन उभी राहिली. बाबूराव पेंढारकर, मास्टर विनायक तिकडे गेले आणि 1936 मध्ये त्यांनी हंस पिक्चर्स काढली. पेंटरांचं शालिनी सिनेटोन कोल्हापुरातच होतं. ‘संत तुकाराम’ मात्र पुण्यात झाला, 1936 साली. म्हणजे पणजोबा 1933 मध्ये पुण्याला गेले असतील तरच आजीचं म्हणणं खरं ठरेल. ते कोल्हापुरात राहिले असतील, तर ‘तुकाराम’ हे नाव नंतर कुणीतरी जोडलेलं आहे. असं होतं, आणि त्यात कुणाचा खोटेपणा नसतो. वर्षभर मुंबईत चाललेला, 1937 मध्ये व्हेनिसपर्यंत गेलेला चित्रपट. घरातला माणूस त्या कंपनीत होता एवढं माहीत असलं, की लोक सगळ्यात मोठं नाव त्याच्याशी जोडतात.

हे ठरवायला चित्रपट बघायची गरज नाही. शाळेचा दाखला बघा. पणजोबांची मुलं 1933 ते 1940 मध्ये जन्मली असतील तर दाखल्यावर जन्मगाव असतं. मूल कोल्हापूरचं की पुण्याचं, की बायको माहेरी बाळंत झाली म्हणून सोलापूरचं? पहिलं बाळंतपण माहेरी होतं, दुसऱ्या-तिसऱ्यासाठी बाई नवऱ्याच्या गावीच असण्याचा संभव जास्त. म्हणून धाकट्या मुलांचे दाखले आधी काढा. मी आजवर जेवढी घरं जुळवली त्यांत पुस्तिकांपेक्षा दाखल्यांनी मला जास्त दिलंय.

‘संत तुकाराम’मध्येच एक उदाहरण आहे, ते तुमच्या नातेवाइकांना जरूर सांगा. त्यातली आवली, म्हणजे जिजाई, कोणी केली? गौरी नावाच्या बाईनं. श्रेयनामावलीत नुसतं ‘गौरी’, आडनाव नाही. ती कोणी नटी म्हणून कंपनीत आलेली नव्हती. किरकोळ कामं करत, गर्दीत उभी राहत वर आली. तुकाराम झालेले विष्णुपंत पागनीस नाटक कंपनीत स्त्रीभूमिका करून, भजनं गाऊन तयार झालेले. त्यांच्यासमोर ती कमरेवर हात ठेवून उभी राहते आणि पडदा तिचा होतो. मी तो चित्रपट किती वेळा चालवला असेल, मोजदाद नाही, पण तिच्या संतापाच्या प्रसंगांना थिएटरात आवाज बंद व्हायचे. ती गर्दीतच राहिली असती तर आज कुणी तिलाही ‘एक्स्ट्राची कसली कारकीर्द’ म्हणालं असतं.

बोलपट आल्यावर काय झालं हेही समजून घ्यायला हवं, कारण पणजोबा नेमके त्या सांध्यावर कंपनीत शिरले. ‘आलम आरा’ मार्च 1931 मध्ये मुंबईत मॅजेस्टिकला लागला. त्याआधी चेहरा आणि अंगकाठी पुरायची, तालमीतली पोरं सैनिक म्हणून चालायची. आता तोंड उघडावं लागलं. नाटक कंपन्यांतली माणसं इकडे आली, कारण त्यांची वाणी तयार होती. केशवराव दाते त्यांतले. मूकपटात कमावलेली कित्येक माणसं मागे सरकली. पण सोलापूरच्या माणसाचं एक बरं होतं. घरी तेलुगू, गल्लीत मराठी आणि कन्नड, बाजारात दखनी, म्हणजे इकडची हिंदी-उर्दू. प्रभात एकच चित्रपट मराठीत आणि हिंदीत असा दोनदा घ्यायची. मोठी पात्रं कधी बदलत. ‘अमृतमंथन’चा राजगुरू मराठीत दात्यांनी केला, हिंदीत चंद्रमोहननं. लहान पात्रं मात्र बरेचदा तीच माणसं दोन्हीकडे करत. अशा वेळी दोन्ही भाषांत एक वाक्य नीट म्हणणारा माणूस कंपनीला सोयीचा. पणजोबांना दखनी चांगली येत होती असं तुम्ही लिहिलंय. म्हणून हिंदी आवृत्त्यांकडे दुर्लक्ष करू नका. कानपूरच्या हरमंदिर सिंह ‘हमराज’ यांचा हिंदी फिल्म गीत कोश आहे, त्यातला 1931 ते 1940 चा खंड बघा. गाण्यांबरोबर कलाकारांची नावंही दिली आहेत. मराठी पुस्तिकेत गळलेलं नाव तिथे असू शकतं.

नाव कोणतं शोधायचं हाही पेच आहे. तुमचं तेलुगू आडनाव पुस्तिकेत तसंच छापलं असेल अशी अपेक्षा धरू नका. नाटक-सिनेमात माणसाला गावावरून हाक मारायची पद्धत होती, त्यामुळे ‘सोलापूरकर’ बघा. नुसतं पाळण्यातलं नाव आणि पुढे ‘राव’ बघा. वय लहान असेल तर ‘मास्टर’ लावलेलं बघा. आणि नाव सापडलं की आनंदानं लगेच घट्ट धरू नका.

हे मी ठेच लागून शिकलो. बऱ्याच वर्षांपूर्वी एका घरासाठी मी अशीच यादी जुळवली. नऊ चित्रपट निघाले, एकच नाव, एकच गाव. मी ती यादी सुवाच्य अक्षरात लिहून नेऊन दिली. त्यांनी ती चौकटीत बसवून आजोबांच्या फोटोशेजारी लावली. दोन वर्षांनी मला दुसरी एक पुस्तिका मिळाली, त्यात त्याच नावाची दोन माणसं एकाच चित्रपटात होती, थोरला आणि धाकटा अशी वेगळी छापलेली. माझ्या नऊपैकी पाच त्या दुसऱ्याचे होते. मी परत गेलो आणि सांगितलं. त्या घरच्या आजी काही बोलल्या नाहीत, चौकट उतरवून माझ्या हातात दिली. तेव्हापासून दोन स्वतंत्र पुरावे मिळाल्याशिवाय मी एकही नाव कुणाच्या आजोबांना देत नाही.

पडद्यावर चेहरा ओळखायचा असेल तर दाढी-मिशी, भुवया, केस हे सगळं सोडून द्या. कान बघा. कानाची पाळी सुटी की चिकटलेली, वरची कड गोल की टोकदार, हे रंगानं झाकलं जात नाही. मग उभं राहण्याची ढब, कुठल्या पायावर भार देतो ते. आणि हात. मागावर बसलेल्या माणसाचे हात नुसते लोंबत नाहीत, काहीतरी धरल्यासारखे राहतात. हा माझा अनुभव आहे, नियम नव्हे. पणजोबांचा दाढीशिवायचा, म्हातारपणचा का होईना, एक फोटो मिळवा, कान दिसेल असा. चित्रपट पहिल्या वेळी आवाज बंद करून बघा, नाहीतर अभंग सुरू झाला की नजर पागनीसांवरून हलत नाही.

पुण्याला राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात, लॉ कॉलेज रोडला, प्रभातचे चित्रपट आणि पुस्तिका जपलेल्या आहेत. 1964 पासून ते काम चालू आहे. आधी पत्र लिहून, काय बघायचंय ते नेमकं सांगून जा. ‘पणजोबांबद्दल काही आहे का’ असं विचारलंत तर कोणी मदत करू शकणार नाही. ‘1934 ते 1941 च्या या या चित्रपटांच्या पुस्तिका’ असं विचारलंत तर होईल. मूकपटांची आशा कमी ठेवा. देशात सुमारे 1300 मूकपट निघाले, त्यांतले आज तीसेक कसेबसे, काही तर तुकड्यांतच उरलेत. ती फिल्म नायट्रेटची, पेट घेणारी, आणि पुष्कळ प्रती चांदी काढण्यासाठी वितळवल्या गेल्या. कोल्हापूरचा भालजी पेंढारकरांचा जयप्रभा स्टुडिओ 1948 च्या जाळपोळीत गेला, त्यात काय काय गेलं याचा विचार केला की आजही वाईट वाटतं.

ते परत का आले, हे तुम्ही विचारलं नाहीत, पण प्रश्नाच्या तळाशी तेच असावं. घरी त्याला ‘जमलं नाही म्हणून आले’ असं म्हणतात ना? 1942 मध्ये शांताराम प्रभातमधून बाहेर पडले आणि मुंबईत राजकमल काढली. महायुद्धात कच्ची फिल्म मोजून मिळू लागली, चित्रपट 11,000 फुटांत बसवायचा हुकूम आला. लांबी कमी करायची तर नायकाचं गाणं कुणी कापत नाही, कारकुनाचा प्रसंग कापतात. त्यात भर म्हणजे कंपन्यांचा महिन्याचा पगार संपत चालला होता. नट चित्रपटागणिक ठरवून घेतला जाऊ लागला. नाव असलेल्याला ते फायद्याचं होतं. बाबूराव पेंढारकर, दाते यांना कामाची कमतरता नव्हती. 1946 च्या ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’त दोघेही आहेत, पेंढारकर जनरल फाँग आणि दाते कोटणिसांचे वडील. डॉ. कोटणीस आपल्या सोलापूरचेच, भैय्या चौकाजवळच्या त्यांच्या घरातला तो बाप दात्यांनी उभा केला, आणि पणजोबा त्याच सुमारास सोलापुरात परतले. पगारी नटाच्या हाती मात्र काही राहिलं नाही. मुंबईला जाऊन रोज दारं ठोठावायची, तीही चाळिशीच्या आसपास, मागे बायको-मुलं. ते परत आले कारण त्यांच्या कामाची जागाच उरली नाही. आपल्याकडे मिल बंद पडल्यावर काम गेलेल्या कामगाराला कुणी ‘त्याला जमलं नाही’ म्हणत नाही.

त्याच वर्षांत आपल्याच गावची एक मुलगी उलट वाटेनं गेली. शशिकला जवळकर, जन्म सोलापूरचा, 1932. वडिलांचा धंदा बुडाला आणि कुटुंब मुंबईला गेलं. 1945 च्या ‘झीनत’मधल्या कव्वालीत ओळीनं बसलेल्या मुलींमध्ये ती आहे, त्याचे 25 रुपये मिळाले असं त्या पुढे सांगत. नंतर ‘आरती’ आणि ‘गुमराह’साठी त्यांना सहअभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. ती कव्वाली बघा एकदा. ओळीतल्या बाकीच्या मुलींची नावं आठवून बघा.

तर आता एवढं करा. फोटोला लॅमिनेशन करू नका, मागची पेन्सिल त्यानं कायमची झाकली जाते आणि कागद खराब होतो. दोन्ही बाजू स्कॅन करून मूळ फोटो साध्या कागदात, लोखंडी कपाटात ठेवा. मागच्या मजकुराखाली रबरी शिक्का किंवा अंक आहे का ते तिरक्या उजेडात बघा. स्टुडिओच्या छायाचित्रांवर कधी कधी क्रमांक असतो. घरात जुने मनीऑर्डरचे तुकडे असतील तर टाकू नका. पंधरा वर्षं ते पैसे पाठवत असणार, आणि मनीऑर्डरवर पोस्टाचा शिक्का असतो, गावाचा आणि तारखेचा. तसे चार तुकडे मिळाले तर ते कुठे आणि कधी होते हे कुठल्याही श्रेयनामावलीपेक्षा खात्रीनं सांगता येईल.

आणि पणजोबांच्या धाकट्या मुलांपैकी कुणाचा शाळेचा दाखला मिळाला की जन्मगाव काय लिहिलंय ते मला कळवा. पुणे असेल तर ‘तुकाराम’ची दिंडी आपण दोघं मिळून बघू, एकेक कान करत.